वडिलांचा क्लोजअप

दोन बोटं रुंदीच्या काळ्या चिकटपट्टीला कोणी कधी 'बाळा' म्हणून हाक मारली आहे का? गळा दाटून येऊन? डोळ्यांत पाणी आणून? मारली नसेल, तर कृपा करून वडिलांच्या रागाबद्दल मत देऊ नका. 'या वयात एवढं चिडू नये', 'ब्लडप्रेशर वाढतं', 'काम आहे, करायचं नि घरी यायचं' असं सांगणारे त्या आठवड्यात त्यांना पावलापावलावर भेटले, आणि त्यातल्या एकानेही जन्मात कधी पट्टीशी दोन शब्द बोलून पाहिले नव्हते.

वडील म्हणजे कोणाचे, असं विचाराल तर सगळ्यांचेच. एकतीस वर्षं ते चित्रपटांत नि मालिकांत काम करत होते, आणि रोज सकाळी कामाचा जो कागद हातात पडतो त्यावर त्यांच्यापुढे 'हीरोचे वडील' एवढंच छापलेलं असायचं. पहिल्यांदा ते छापलं गेलं तेव्हा वडील सव्वीस वर्षांचे होते आणि हीरो चौतीसचा. पुढे हीरो बदलत गेले, वडील तेच राहिले. आधी युनिट त्यांना 'वडील' म्हणू लागलं, मग बिल्डिंगचा वॉचमन, आणि आता तर त्यांच्याहून सतरा वर्षांनी मोठे असलेले वरच्या मजल्यावरचे निवृत्त हेडक्लार्कसुद्धा जिन्यात भेटले की "काय वडील, आज शूटिंग नाही?" असं विचारत. हा प्रश्न शूटिंग नसलेल्या दिवशीच विचारायची त्यांची हातोटी होती.

आता ही पट्टी काय प्रकार आहे ते सांगायला हवं. सिनेमात दोन माणसं समोरासमोर भांडताना दिसतात ना, ती एका वेळी भांडत नाहीत. आधी कॅमेरा हीरोच्या तोंडावर. तेव्हा समोर वडील उभे राहून आपले संवाद म्हणतात, म्हणजे हीरोला रडायला सोपं जातं. मग कॅमेरा फिरून वडिलांच्या तोंडावर येतो. तेव्हा रीतीप्रमाणे हीरोनं समोर उभं राहायला हवं. पण हीरोचं काम झालेलं असतं, गाडी लागलेली असते, हीरो जातो. मग कॅमेऱ्याशेजारी एक लोखंडी स्टँड ठेवतात, त्यावर हीरोच्या डोळ्यांच्या उंचीला काळी पट्टी चिकटवतात, आणि स्टँडला खेटून सहाय्यक दिग्दर्शिका हीरोचे संवाद वाचते. वाचते म्हणजे रेल्वेचं वेळापत्रक वाचावं तसं. या धंद्यातला पहिला धडा असा, की वाचणारीच्या तोंडाकडे बघायचं नाही. तोंडाकडे बघितलं की नजर चुकते. तोंडाच्या शेजारच्या पट्टीकडे बघायचं, आणि तिच्यावर माया करायची.

वडिलांनी एकतीस वर्षं माया केली. पट्टीला आशीर्वाद दिले, पट्टीला घराबाहेर काढलं, पट्टीच्या मांडीवर डोकं ठेवून तीन वेळा प्राण सोडला. कधी तक्रार केली नाही. मग हा प्रसंग आला.

चित्रपटातला शेवटचा मोठा प्रसंग होता. मुलगा घर सोडून निघालाय आणि बाप दारात उभा राहून म्हणतो, "जायचं तर जा. पण आधी माझ्या डोळ्यांत बघ, आणि मग सांग." एकतीस वर्षांत वडिलांना इतकं चांगलं वाक्य मिळालं नव्हतं. एरवी त्यांच्या वाट्याला 'काय म्हणतोस?' आणि 'हे देवा!' यायचं. ते वाक्य त्यांनी आठ दिवस आंघोळीला, जिन्यात, बसमध्ये घोकलं. सोमवारी हीरोच्या क्लोजअपला सतरा टेक झाले. सतराच्या सतरा वेळा वडील कॅमेऱ्यामागे उभे राहून खरेखुरे रडले. मग दिग्दर्शक म्हणाला, "हं, आता वडिलांचा उरकून घ्या," आणि वडिलांनी समोर बघितलं तर हीरोच्या जागी स्टँड.

"माझ्या डोळ्यांत बघ," वडील पट्टीला म्हणाले. आणि थांबले. त्यांच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

"मी हे वाक्य पट्टीला म्हणणार नाही," ते म्हणाले.

दिग्दर्शक जवळ आला, त्यांच्या खांद्यावर हात ठेवला आणि अतिशय आपुलकीने म्हणाला, "पांढरी लावू का?"

वडील काय बोलले ते इथे लिहिण्यासारखं नाही. एवढं खरं, की दिग्दर्शकाने घड्याळात बघितलं, सेट येत्या शुक्रवारपर्यंत उभा आहे याची खात्री केली, आणि कागदावर 'वडिलांचा क्लोज — बाकी' अशी नोंद करून सगळ्यांना घरी पाठवलं.

घरी बायको जेवणाच्या टेबलाशी धुतलेले कपडे घड्या घालत बसली होती. वडिलांनी चप्पलसुद्धा न काढता सुरुवात केली. "सतरा टेक! सतरा वेळा मी त्याच्यासाठी रडलो! आणि माझ्या वेळी? लोखंडाचा दांडा!" बायकोने ऐकता ऐकता हातातला टॉवेल उचलला, खुर्चीवरून उठली, आणि फ्रिजपाशी जाऊन उभी राहिली.

"हे बघ! हे बघ! मी काहीतरी सांगतोय आणि तू निघालीस फिरायला! घरातसुद्धा कोणी एका जागी थांबून माझं ऐकत नाही!"

"ऐकतेय हो," फ्रिजपाशी उभी असलेली बायको म्हणाली. "दांड्यापर्यंत आलात. पुढे?"

पुढे असं, की शुक्रवारी हीरो समोर उभा राहिल्याशिवाय क्लोजअप द्यायचा नाही. एवढंच. साधी गोष्ट होती. फोन करून दिग्दर्शकाला सांगितलं असतं तर पाच मिनिटांत संपली असती, किंवा वडिलांना पाच मिनिटांत काढून दुसरे वडील घेतले असते. काहीतरी एक झालं असतं. पण वडिलांचा आवाज जिन्यातून वर गेला होता, आणि वर हेडक्लार्क राहत होते.

"लेखी द्या," हेडक्लार्क दारातूनच म्हणाले. त्यांना बोलावलं नव्हतं. "छत्तीस वर्षं नोकरी केली मी, तोंडी तक्रारीनं साधा पंखा दुरुस्त झालेला पाहिला नाही. तुमची संघटना आहे ना? अर्ज टाका. मी येतो बरोबर."

एवढ्यात समोरच्या वहिनी वाटी परत करायला आल्या. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, "पण भावजी, तुम्ही डोळे मिटून का नाही म्हणत?"

"'माझ्या डोळ्यांत बघ' हे डोळे मिटून म्हणू?"

"तेही खरंच," वहिनी म्हणाल्या. मग आवाज खाली आणून, "तो खरंच एवढा उंच आहे का हो?"

माणसाचा अपमान झाला की त्याच्याकडे आधी त्याचा अपमान करणाऱ्याचीच चौकशी का होते, हा अभ्यासाचा विषय आहे. वडिलांनी वहिनींना उत्तर दिलं नाही. हीरो होता मात्र उंच.

संघटनेचं ऑफिस तिसऱ्या मजल्यावर. लिफ्ट बंद. टेबलामागे बसलेल्या कारकून बाईंनी त्यांना ओळखलं नाही, मग ओळखलं, मग म्हणाल्या, "अय्या, तुम्ही गेलात ना त्या मालिकेत?" वडील तिसऱ्या मजल्यावर जिवंत चढून आले होते, त्यामुळे त्यांना हे फार झोंबलं. बाईंनी छापील अर्ज पुढे केला. तक्रारीचा प्रकार: अपघात, जेवण, वाहन, कपडे, इतर.

"इतर," वडील म्हणाले.

"अहो थांबा!" हेडक्लार्कांनी पेन हिसकावून घेतलं. "'इतर'वर खूण केली की अर्ज कपाटात जातो. मी स्वतः हजारो घातलेत. हे खाली काय छापलंय वाचा. 'अपघाताची दखल तीन दिवसांत घेतली जाईल.' आपल्याला शुक्रवारच्या आत हवंय की नाही? मग अपघात!"

"पण अपघात कुठे झालाय?"

"सेटवर," हेडक्लार्क म्हणाले आणि ते लिहूनही टाकलं. पुढचा रकाना होता 'अवयव'. वडील आधीच धुमसत होते. "डोळे!" ते ओरडले. त्यापुढचा होता 'कारणीभूत वस्तू'. जागा बोटभर. तिच्यात वडिलांची एकतीस वर्षं मावणं शक्य नव्हतं. हेडक्लार्कांनी सुवाच्य अक्षरात 'स्टँड' असं लिहिलं, आणि बाईंनी शिक्का मारला. बाहेर पडताना हेडक्लार्क इतके खूश होते की त्यांनी लिफ्टबद्दलही एक अर्ज देऊन टाकला.

दखल तीन दिवसांत घेतली गेली. खरंच घेतली गेली, हेच तर दुखणं आहे. गुरुवारी सकाळी वडील दुसऱ्याच एका प्रसंगासाठी दवाखान्याच्या खाटेवर बेशुद्ध पडलेले असताना संघटनेच्या सुरक्षा समितीची दोन माणसं मोजपट्टी घेऊन सेटवर हजर झाली. त्यांनी शूटिंग थांबवलं. सेटवरचे एकूण एक स्टँड मोजले, बेचाळीस भरले. प्रत्येकाला हलवून पाहिलं, प्रत्येकावर चिठ्ठी डकवली. बेशुद्ध वडील एक डोळा उघडून हे सगळं बघत होते. अडीच तास गेले. त्या अडीच तासांत तंत्रज्ञ, नट, मेकअपवाले, स्वयंपाकी अशा सत्तर माणसांना कळलं की ही कृपा कोणाची.

लाइटवाले दादा खाटेपाशी आले. पंचवीस वर्षं या माणसाने वडिलांच्या तोंडावर चांगला उजेड टाकला होता. "वडील, माझ्या स्टँडनं तुमचं काय घोडं मारलं होतं? पंचवीस वर्षांत माझा एक दांडा कोणावर पडला नाही. तुम्ही मला येऊन बोलायचंत. कागदावर घातलंत!"

"दादा, तक्रार स्टँडची नाहीच आहे—"

"लिहिलंय 'स्टँड'. मी वाचलं," दादा म्हणाले आणि निघून गेले. नंतर दिवसभर वडिलांच्या खाटेवर अंधार होता.

शिवाय समितीने वडिलांकडे डोळ्यांच्या डॉक्टरचा दाखला मागितला. इजा झाली म्हणता, तर दाखवा इजा. त्यामुळे संध्याकाळी वडील डॉक्टरपुढच्या उंच खुर्चीत. भिंतीवर अक्षरांची पाटी, शेजारी काठी घेऊन उभ्या डॉक्टरीणबाई.

"पाटीकडे बघा," डॉक्टरीणबाई म्हणाल्या.

"बघतोय."

"पाटीकडे, काका. तुम्ही शेजारच्या भिंतीकडे बघताय."

"मी पाटीकडेच बघतोय!"

"हातभर बाजूला बघताय. नेहमी असंच बघता का?"

वडिलांनी त्यांना सुनावलं, की पाटी वाकडी टांगली असेल तर तो रुग्णाचा दोष नाही. डॉक्टरीणबाईंनी 'डोळे उत्तम' असं लिहून दिलं. म्हणजे आता इजाही नव्हती. सत्तर माणसांचा रोष, पंचवीस वर्षांच्या मित्राचा अबोला, आणि हातात आपणच खोटारडे असल्याचा सहीशिक्क्याचा दाखला, एवढी कमाई घेऊन ते घरी आले. टेबलाशी बसलेल्या बायकोला सांगायला लागले, तर ती पुन्हा उठली आणि फ्रिजपाशी गेली. वडील इतके थकले होते की ओरडलेसुद्धा नाहीत.

शुक्रवारी सेटवर पोचताच निर्मात्याच्या माणसाने त्यांच्या हातात पाकीट दिलं. 'आपल्या तक्रारीची आम्ही अत्यंत गांभीर्याने दखल घेतली आहे. यापुढे आपल्या क्लोजअपसाठी स्वतंत्र, नवा, टोकाला रबरी टोपी बसवलेला स्टँड वापरण्यात येईल. पट्टी मऊ कापडी असेल.' वडिलांनी मान वर केली. कॅमेऱ्याशेजारी तो उभा होता. नवाकोरा. वर लाल टोपी.

मग बांध फुटला.

"टोपी?" वडील म्हणाले. "टोपी घातलीत त्याला? अरे, मी काय मागितलं होतं? एक माणूस मागितला होता! जित्ताजागता! दोन डोळ्यांचा! एकतीस वर्षं मी तुमच्या एकेका हीरोसमोर उभा राहिलो. माझं तोंड दिसत नव्हतं तरी रडलो, ताप असताना रडलो, कॅमेऱ्याबाहेर रडलो, फुकटचा रडलो! का? तर समोरच्याला सोपं जावं म्हणून! माझ्यासाठी एकदा, एकदा कोणी थांबलं? मी माणूस आहे की मीही दांडाच? मग मलाच टोपी घाला ना! मला काढा आणि तिथे दुसरा स्टँड ठेवा, दोन्ही स्टँड बोलतील एकमेकांशी, तुम्हाला आवडेल ते!"

लाइटवाले दादा जमिनीकडे बघत होते. आणि गाडीकडे निघालेला हीरो दारात थांबला होता.

"काका," हीरो म्हणाला, "मी थांबायला हवं होतं?"

"हो!" वडील गरजले.

"मला कोणी सांगितलंच नाही हो. माझं झालं की मला गाडीत बसवतात." त्याने हातातली पिशवी खाली ठेवली. "सॉरी. थांबतो ना. कुठे उभा राहू?"

आता याला काय करायचं? माणूस चार दिवस दात-ओठ खाऊन तयारी करतो, आणि शत्रू म्हणून हा निघतो! पोरगा सरळ होता. वडिलांना त्याचाच आणखी राग आला, कारण आलेला राग ठेवायला जागा उरली नाही. स्टँड बाजूला सरकवला गेला, हीरो त्या जागी उभा राहिला, दादांनी न बोलता दिवा नीट केला. सत्तर माणसं श्वास रोखून बघत होती. एकतीस वर्षांत पहिल्यांदा वडिलांच्या क्लोजअपला समोर कोणीतरी उभं होतं.

"ॲक्शन!"

"जायचं तर जा," वडील म्हणाले. "पण आधी माझ्या डोळ्यांत बघ, आणि—"

"कट. वडील, हीरो इकडे आहे. तुम्ही स्टँडकडे बघताय."

स्टँड खोलीबाहेर नेला. दुसरा टेक. वडिलांची नजर जिथे स्टँड होता त्या मोकळ्या जागेवर. तिसऱ्या टेकला त्यांनी निश्चय करून हीरोकडे बघितलं, तर हीरोने पापणी मिटली. पट्टीने कधी पापणी मिटली नव्हती. वडील वाक्य विसरले. चौथ्याला कळेना, उजव्या डोळ्यात बघायचं की डाव्या? पट्टीला ही भानगड नव्हती. पाचव्याला हीरो बिचारा वडिलांना मदत म्हणून खरंच रडायला लागला, आणि ते ओलं, हलणारं, खरं तोंड बघून वडील इतके घाबरले की त्यांची नजर धावत त्याच्या कानाशेजारच्या भिंतीवर जाऊन बसली. तोंड दिसलं की शेजारी बघायचं. पहिला धडा. तो इतका चांगला शिकले होते की आता पुसता येत नव्हता.

सहाव्या टेकनंतर हीरोने अगदी हळू विचारलं, "काका, मी बाजूला होऊ का?"

वडिलांनी कपाळावरचा घाम पुसला. त्यांचा स्वतःचाच आवाज त्यांना परका वाटला.

"पट्टी लावा," ते म्हणाले.

लाल टोपीवाला स्टँड परत आला. सहाय्यक दिग्दर्शिकेने वेळापत्रक वाचलं. वडिलांनी पट्टीकडे बघितलं आणि म्हणाले, "जायचं तर जा. पण आधी माझ्या डोळ्यांत बघ, आणि मग सांग." एका टेकमध्ये ओके. सेटवर टाळ्या पडल्या. दादांनी डोळे पुसले, सगळ्यांत जोरात हीरो टाळ्या वाजवत होता. त्या टाळ्यांइतका राग वडिलांना उभ्या आयुष्यात कशाचाच आला नव्हता.

दुपारी ते घरी पोचले. बायको टेबलाशी चहा घेत होती.

"झाला?" तिने विचारलं.

"झाला! छान झाला! दांड्यासमोर झाला! तो पोरगा उभा राहिला, सहा टेक उभा राहिला, आणि मला, मला त्याच्याकडे बघता येईना! हात जोडून मागितलं ते मिळालं, आणि मला घेता आलं नाही! नासवलं मला या लोकांनी, एकतीस वर्षं—"

बायको कप घेऊन उठली आणि फ्रिजपाशी जाऊन उभी राहिली.

"आता तरी एका जागी बस ना!" वडिलांचा आवाज फाटला. "मी बोलायला लागलो की उठतेस का तू? दरवेळी?"

"तुम्ही इथे बघता म्हणून," बायको म्हणाली.

"म्हणजे?"

"म्हणजे मी खुर्चीत असते आणि तुम्ही फ्रिजशी बोलता. मग मी इथे येऊन उभी राहते." तिने घोटभर चहा घेतला. "जुन्या घरात मी कपाटापाशी जायचे. आपली पोरगी तर लहानपणी विचारायची, बाबा बोलायला लागले की आपण सरकायचं का म्हणून."

जिन्यातून हेडक्लार्कांची पावलं ऐकू आली, दारापाशी थांबली, आणि आतून आवाज येत नाही असं बघून पुन्हा वर गेली.

बायको परत जाऊन खुर्चीत बसली. कप टेबलावर ठेवला.

"आज नाही उठणार मी," ती म्हणाली. "गुडघे दुखतात. इथे बघा."

वडिलांनी बघितलं. नजर फ्रिजकडे गेली, तिला ओढून आणलं. पुन्हा गेली, पुन्हा आणलं. कपाळाची शीर उडत होती. बायको पापण्या मिटत होती, उघडत होती, पण जागची हलली नाही.

"हा चष्मा," वडील शेवटी म्हणाले, "हा कधी लागला तुला?"

"सहा वर्षं झाली."

वडिलांना भयंकर राग आला. तो कोणावर काढायचा, हे या वेळी कोणाला विचारायची गरज नव्हती. त्यांनी समोरची खुर्ची ओढली आणि बसले.

"हं," बायको म्हणाली. "आता पहिल्यापासून सांगा. त्या पोराला कुठे उभं केलं होतं?"